बॉम्बच्या आत काय असतं?



आज एका छोट्या चित्रपटाविषयी बोलायचं आहे. चहाला उकळी येईपर्यंत तो संपतो. नाव ‘फ्रेश ग्वाकामोले’. ‘पेस’ या नावानं काम करणाऱ्या अमेरिकन कलावंतानं तो २०१२ साली केला. लांबी जेमतेम पावणेदोन मिनिटं, तरी २०१३ मध्ये त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं. तोवर इतक्या छोट्या चित्रपटाला ते मिळालं नव्हतं.

ग्वाकामोले हा मेक्सिकोतल्या रोजच्या जेवणातला पदार्थ. अव्होकॅडोचा गर, कांदा, टोमॅटो, मिरची आणि वर लिंबू. आपल्याकडे ठेचा असतो, तसा त्यांच्याकडे हा. चित्रपटात मात्र सुरीखाली भलत्याच वस्तू येतात. कांदा म्हणून बेसबॉलचा चेंडू. तो चिरला की खेळातले पांढरे फासे पडतात. टोमॅटो म्हणून टाचण्या खोचायची लाल गादी. वस्तू तसूभर हलवायची, छायाचित्र घ्यायचं, पुन्हा हलवायची. अशी शेकडो छायाचित्रं जोडून हा स्वयंपाक होतो.

आणि अव्होकॅडो म्हणून येतो चक्क हातबॉम्ब!

माझ्या सात वर्षांच्या नातीला मी तो दाखवला. ती ओरडली, “नाना, बॉम्ब! फुटेल ना!” सुरी फिरली, आतून हिरवा गर निघाला आणि ती हसत सुटली. मला मात्र हसू येईना. या पोरीनं अव्होकॅडो कधी पाहिला नव्हता. हातबॉम्ब तिनं पाहताक्षणी ओळखला. तो तिला कुणी शिकवला? घरातल्याच पडद्यानं, आणि तो पडदा तिच्या हाती देणारे आम्हीच.

हातबॉम्बाला इंग्रजीत ‘ग्रेनेड’ म्हणतात. हा शब्द फ्रेंचमधून आला आणि तिथं त्याचा मूळ अर्थ डाळिंब. आमच्या घरात आई डाळिंबाला ‘अनार’ म्हणायची. दिवाळीत शेजारी भुईनळा लावत, त्यालाही ती अनारच म्हणे. माणसानं फळाचं नाव शोभेच्या दारूला दिलं, तसंच ते शस्त्रालाही दिलं. उपमा देणं हा माझा धंदा, म्हणून सांगतो: उपमा दोन्हीकडे चालते. या कलावंतानं शस्त्र पुन्हा फळाकडे आणून सोडलं.

दुसऱ्या दिवशी नातीनं टोपलीतलं डाळिंब उचलून माझ्यापुढे धरलं. म्हणाली, “नाना, हा बॉम्ब कापा.”

मी कापला. दाणे आम्ही दोघांनी मिळून खाल्ले.