चिन्ह का उलटतं?



लहान-मोठेपणा दाखवणारी ती चोचीसारखी चिन्हं पहिल्यांदा छापली गेली १६३१ मध्ये. थॉमस हॅरियट या इंग्रज गणितज्ञाचं ते पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनी निघालं. आपली मुलं ही चिन्हं पहिली-दुसरीतच गिरवतात. क्ष असलेल्या असमानतांचं स्वतंत्र प्रकरण मात्र एनसीईआरटीच्या पुस्तकात येतं ते थेट अकरावीत. तोवर समीकरणांची सवय हाडीमाशी खिळलेली असते: एक उत्तर काढायचं, खाली दोन रेघा मारायच्या, पुढचं गणित!

‘उणे दोन क्ष हे सहापेक्षा लहान’ हे गणित घ्या. मुलगा उणे दोनने भागतो आणि लिहितो, क्ष उणे तीनपेक्षा लहान. मग क्षच्या जागी उणे दहा घालून बघायला सांगावं. डावीकडे येतात वीस. वीस काही सहापेक्षा लहान नाहीत! ‘ऋण संख्येने भागलं की चिन्ह उलटतं’ हा नियम आपण नुसता पाठ करून घेतो. मग तो बिचारा वजाबाकी करतानाही चिन्ह उलटवतो. त्यापेक्षा संख्यारेषा काढावी. तीन हे पाचाच्या डावीकडे, पण उणे तीन हे उणे पाचाच्या उजवीकडे. क्रम तिथेच उलटलेला दिसतो.

म्हणून इयत्ता विचारण्याआधी मी मुलांना विचारतो, उणे सात मोठे की उणे दोन? इथे चाचरणाऱ्याला असमानता शिकवायची घाई नको. दुसरा प्रश्न: खिशात २०० रुपये, २० रुपयांचं पेन घेतलंच पाहिजे, वही ३५ रुपयांना, वह्या किती घेता येतील? ‘पाच’ म्हणणाऱ्याने समीकरण सोडवलं. ‘एकही नाही इथपासून पाचपर्यंत कितीही’ म्हणणारा तयार आहे, मग तो सातवीत का असेना.

‘एक भागिले क्ष हे दोनपेक्षा लहान’ हे मात्र थांबू द्यावं. इथे भलेभले दोन्ही बाजूंना क्षने गुणतात, उत्तर देतात ‘क्ष अर्ध्यापेक्षा मोठा’, आणि सगळ्या ऋण संख्या गमावून बसतात. उणे एक घालून पाहा, चालतो. क्ष धन की ऋण हेच ठाऊक नसताना गुणायचं कसं? मी वहीच्या पानावर मधोमध उभी रेघ मारायला लावतो. एकीकडे क्ष धन, दुसरीकडे क्ष ऋण, आणि दोन्ही बाजू सुटल्याशिवाय उत्तर लिहू देत नाही.