पेटी स्वस्त, गारवा महाग

(जिल्हा बैठकीतील भाषणाचा मजकूर)



कापसाच्या भावावर बोलणारे माझ्यानंतर आहेत. मला आज वेगळा विषय दिला आहे. तो देणारी पोरं तिकडं मागं भिंतीला टेकून बसली आहेत. त्यांचा बेत असा. शहरातली हॉटेलं, आइस्क्रीमची दुकानं जुने डीप फ्रीजर काढून टाकतात. बारा-पंधरा हजारांत एक मिळतो. पाच-सहा गावांनी मिळून असे दहा-वीस आणायचे, चौकाचौकात दुकान टाकायचं, दूध, मासळी, कोंबडी ठेवायची. बेत वाईट नाही. मृगाकडे डोळे लावून बसण्यापेक्षा चांगलाच आहे. पण पैसे मोजण्याआधी एका देशाचा हिशेब ऐकून घ्या. त्या देशानं अशा जुन्या पेट्या आणल्या, दहा-वीस नव्हे, लाखांनी.

देश घाना, पश्चिम आफ्रिकेतला. १९५७ साली इंग्रजांकडून सुटला. २०२१च्या शिरगणतीत लोकसंख्या ३ कोटी ८ लाख, म्हणजे आपल्या महाराष्ट्राच्या साधारण पाव हिस्सा. कोको, सोनं आणि थोडं तेल विकायचं आणि बाकी पुष्कळसं, यंत्रापासून तांदळापर्यंत, बाहेरून आणायचं, असा त्याचा संसार. उत्तरेकडचा भाग आपल्याला ओळखीचा वाटेल. एक पावसाळा, ज्वारी, बाजरी, थोडा कापूस. तिथं ज्वारीची बिअर करतात आणि ती बायाच करतात. त्याच्याही वर बुर्किना फासो, कापसाचा देश. अमेरिकेच्या कापूस अनुदानाविरुद्ध २००३ साली कानकूनच्या परिषदेत चार आफ्रिकी देश उभे राहिले, त्यातला हा एक. म्हणजे परके असले तरी आपल्या भावकीतले लोक आहेत. मी तिथं गेलेलो नाही. वाचलेलं आणि ताडून पाहिलेलं सांगतो.

घानात फ्रीज होत नव्हते. नवा घ्यायचा तर बाहेरचा, आणि तो परवडत नव्हता. मग जुने यायला लागले. इंग्लंडमध्ये, जर्मनीत लोक फ्रीज बदलतात. जुन्याचं करायचं काय? युरोपात कायदा झाला की जुना फ्रीज नीट मोडायचा, आतला गॅस काढून घ्यायचा, आणि त्याला पैसे लागतात. मोडायला पैसे द्यायचे की कुणाला तरी विकून पैसे घ्यायचे? व्यापाऱ्याला हे कळायला शाळेत जावं लागत नाही. फ्रीज कंटेनरात कोंबले आणि टेमा बंदरावर उतरवले. तिथल्या बाजारात या मालाला नाव काय, तर ‘होम यूज्ड’. घरात वापरलेला. आपण ‘सेकंडहँड’ म्हणताना आवाज खाली घेतो. ते हे नाव मानानं घेत. साहेबाच्या घरात चाललेला फ्रीज म्हणजे टिकाऊ, नव्या स्वस्त मालापेक्षा बरा, असा विश्वास. आयात करणारा, बाजारातला दलाल, गॅस भरणारा, रंग मारणारा, सगळ्यांचं पोट त्यावर चालायचं. आणि गिऱ्हाईक कोण? शिक्षक, शिवणारी बाई, थंड पाण्याच्या पिशव्या विकणारी बाई. त्यांना मूर्ख म्हणू नका. हातात जेवढे पैसे होते तेवढ्यात मिळेल ते घेतलं. तुम्ही आम्ही तेच करतो.

मग त्यांच्या ऊर्जा आयोगानं मोजायला घेतलं. एक जुना फ्रीज वर्षाला सरासरी बाराशे युनिटांच्या आसपास वीज खातो. नवा चांगला फ्रीज अडीचशे ते तीनशेत भागवतो.

आता हे का होतं ते सांगतो, कारण आपल्यालाही हेच लागू आहे. फ्रीज गारवा तयार करत नाही. तो आतली उष्णता उपसून बाहेर टाकतो. विहिरीतून मोटेनं पाणी काढावं तसं. विहीर जितकी खोल, तितके बैल दमतात. बाहेर जितकं ऊन, तितकी ही विहीर खोल. युरोपातल्या स्वयंपाकघरात वीस-बावीस अंश असतात, अक्रात तीस-बत्तीस. त्यात दाराचं रबर कडक झालेलं, म्हणजे मोटेला भोक. भिंतीतला फोम जुना, ओल धरलेला, म्हणजे दुसरं भोक. विजेचा दाब कमी-जास्त होऊन कॉम्प्रेसर थकलेला. असा फ्रीज थांबतच नाही. दिवसरात्र घुरघुरत राहतो आणि मालकाला वाटतं, काय मजबूत मशीन आहे, बंदच पडत नाही!

घानाची वीज कुठून यायची? व्होल्टा नदीवर अकोसोम्बो नावाचं धरण १९६५ साली पुरं झालं. त्यासाठी ऐंशी हजारांच्या आसपास माणसं उठवली. ही वीज मुख्यतः टेमाच्या अ‍ॅल्युमिनियम कारखान्यासाठी होती. पुढं पाऊस कमी झाला की तलाव खाली आणि वीज गुल, असं १९८३-८४ला झालं, १९९८ला झालं, २००६-०७ला झालं. मग गॅसवरची केंद्रं आली. ऑगस्ट २०१२मध्ये समुद्रतळाची गॅसवाहिनी एका जहाजाच्या नांगरानं फुटली आणि देश अंधारात गेला. पुढची तीन-चार वर्षं लोकांनी त्या कारभाराला नाव ठेवलं ‘डुमसोर’, म्हणजे बंद-चालू. आपण भारनियमन म्हणतो. त्यांचा शब्द जास्त प्रामाणिक आहे.

आणि या अंधारात लाखो जुन्या पेट्या चौपट वीज ओढत होत्या. म्हणजे माणसं उठवून धरण बांधलं, आणि त्यातला भला मोठा वाटा फाटक्या रबरातून वाऱ्यावर सोडला.

सरकारनं २००८ साली नियम केला की वापरलेला फ्रीज, फ्रीजर, एअरकंडिशनर देशात आणायचा नाही. व्यापाऱ्यांना मुदत दिली आणि अंमल १ जानेवारी २०१३पासून. ओरड झाली. का होऊ नये? पिढीचा धंदा जात होता. बंदरात हजारो पेट्या जप्त झाल्या. शेजारच्या वाटेनं चोरूनही आल्या. पण नुसती बंदी करून ते थांबले नाहीत, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. २०१२मध्ये योजना काढली की जुना फ्रीज आणून द्या आणि नव्यावर सूट घ्या. नव्यावर चांदण्यांचं लेबल सक्तीचं, आपल्याकडे असतं तसं. त्या सुटीत दहा हजारांच्या आसपास फ्रीज बदलले. लाखांच्या मानानं फार नाहीत, पण सूट मिळते म्हटल्यावर लोक जुनं सोडायला तयार होतात हे दिसलं. नाहीतर बंदीचा भार गरिबावरच पडतो. त्याला जुना मिळत नाही आणि नवा परवडत नाही. २०२२ साली त्यांचं चलन, सेडी, घसरलं, महागाई ५४ टक्क्यांवर गेली, तेव्हा बाहेरून येणाऱ्या प्रत्येक नव्या पेटीचा भाव चढला. दुसऱ्याच्या कारखान्यावर जगणाऱ्या देशाला हा मार ठेवलेलाच.

इथवरची गोष्ट विजेची झाली. खरी आपली गोष्ट पुढं आहे. पेटीत भरलं काय?

घानात गल्लीबोळात ‘कोल्ड स्टोअर’ नावाची दुकानं असतात. एक-दोन फ्रीजर, एक तराजू. आत गोठवलेली मासळी आणि गोठवलेली कोंबडी. ती कोंबडी घानातली नाही. युरोपात, अमेरिकेत लोक कोंबडीची छाती खातात, भाव तिला. तंगड्या, पंख, पाठ उरतात. पक्ष्याचा खर्च छातीतून निघालेला असतो, म्हणून उरलेलं मिळेल त्या भावानं विकलं तरी चालतं. ब्राझीलचा मालही असतो, तो मुळातच स्वस्त. हे सगळं गोठवून खोक्यात भरून टेमाला. बंदरापासून गल्लीपर्यंत गारव्याची साखळी तयारच होती. तिचं शेवटचं कडं त्या जुन्या फ्रीजरांचं.

१९९०च्या सुमारास घानाचे लोक खात ती कोंबडी बहुतेक घानाचीच होती. दहा-बारा वर्षांत ब्रॉयलरवाला कोलमडला. पिल्लू, खाद्य, औषध, कर्जाचं व्याज धरून त्याचा खर्च जेवढा, त्याहून कमी भावात खोक्यातली तंगडी विकली जात होती. २००३ साली त्यांच्या संसदेनं कोंबडीवरचा आयातकर २० टक्क्यांवरून ४० टक्के केला. तो लागू झाला आणि काही दिवसांतच थांबला. नाणेनिधीशी बोलणी चालू होती, तीत तो मागं घ्यायचं कबूल झालं होतं. पोल्ट्रीवाले कोर्टात गेले आणि २००५मध्ये निकाल त्यांच्या बाजूनं लागला. मग संसदेनं तो कायदाच रद्द करून टाकला! कोर्टात जिंकून शेतात हरणं आपल्याला नवीन नाही.

जगला कोण? अंड्याच्या कोंबड्या पाळणारा. तंगडी गोठवून महिनाभर समुद्रातून आणता येते, टरफलातलं अंडं गोठवता येत नाही, फुटतं. निसर्गानंच तो आयातकर लावला होता. पुष्कळांनी ब्रॉयलर सोडून अंड्यांचा धंदा धरला.

आता म्हणाल, कोंबडीशी आमचं काय? आपण ज्वारीवाले. मग मला सांगा, खरिपाची ज्वारी दाणे भरताना पावसात सापडून काळी पडली की ती घेतं कोण? कोंबडीखाद्यवाला आणि दारूवाला. सरकीची पेंड, सोयाबीनची पेंड, मका, सगळं त्या खुराड्याच्या वाटेनं जातं. घानात ब्रॉयलर बसला तेव्हा त्याच्याबरोबर मका पिकवणाऱ्याचं गिऱ्हाईकही बसलं. बर्ड फ्लूच्या बंदीवरून अमेरिकेनं घातलेला दावा आपला देश जागतिक व्यापार संघटनेत २०१५ साली हरला. तरीही तंगड्यांचे ढीग आले नाहीत, त्याचं मोठं कारण शंभर टक्क्यांचा आयातकर. तो आकडा दिल्लीत बदलला जातो. तुमच्या गावच्या फ्रीजरला तो विचारत नाही.

अक्राच्या त्या शिवणाऱ्या बाईला स्वस्त कोंबडी मिळाली, पोरांच्या ताटात मटणाचा तुकडा पडला, हेही खरं. तिच्याविरुद्ध बोलायला मी उभा नाही. माझं म्हणणं एवढंच की पेटी घेताना आत कुणाचा माल जाणार हे ठरलेलं नसेल, तर जो सर्वांत स्वस्त देईल त्याचाच जाणार. तुमच्या चौकातल्या फ्रीजरमध्ये गावची कोंबडी जाईल की शहरातल्या मोठ्या कंपनीचं पाकीट? आइस्क्रीमवाला फ्रीजर फुकट ठेवून जातो. का ठेवतो? त्यात दुसऱ्याचं काही ठेवायचं नाही म्हणून.

आता माझं स्वतःचं सांगतो. पंधराएक वर्षांपूर्वीची गोष्ट. नोकरी सोडून नुकता चळवळीत आलो होतो, पदवीचा तोरा होता. एका गावच्या बचतगटाच्या बायांना मीच सांगून जुना डीप फ्रीजर घ्यायला लावला, दूध-दह्यासाठी. विकणारा शहरातला, बोलायला गोड. खोलीला वर टिनपत्रे. फाल्गुनात बरा चालला. चैत्रात बिल आलं, ते बघून अध्यक्षबाई गप्प झाल्या. वैशाखात आठ-आठ तास वीज नाही, दूध नासलं, आणि एका दुपारी कॉम्प्रेसर जळाला. तेव्हा कुठं मी मागची पट्टी वाचली. त्यावर ‘एन’ हे अक्षर होतं. ‘एन’ म्हणजे बाहेर ३२ अंशांपर्यंत चालणारं यंत्र. ‘टी’ असेल तर ४३पर्यंत. आपल्याकडे वैशाखात पंचेचाळीस. शेतीचं शिकलेला माणूस, बियाण्याच्या पिशवीवरचं अक्षर न अक्षर वाचणारा, आणि हे वाचलं नाही. बायांनी मला बोल लावला नाही. चहा दिला. हप्ते मात्र त्यांनी दीड वर्ष फेडले.

म्हणून पोरांनो, हिशेब करा. घानाचा आकडा घरगुती फ्रीजचा आहे, डीप फ्रीजर त्याहून मोठा. तरी तोच धरा. फरक नऊशे युनिटांचा. दुकानाचा दर घरापेक्षा चढाच असतो, दहा रुपये धरा. वर्षाला नऊ हजार झाले. बारा हजारांची पेटी, तर सोळा महिन्यांत तिच्याएवढी रक्कम नुसत्या विजेच्या फरकात गेली. दुरुस्ती वेगळी, नासलेला माल वेगळा. कमी पेट्या, पण नव्या घेतल्या तर काय होतं, तेही मांडून बघा. दहाच्या जागी चार झाल्या तरी चालतील.

रविवारी तुम्ही पेट्या बघायला जाणार आहात. मी बरोबर येतो. युनिट मोजायचं छोटं मीटर माझ्याकडे आहे, प्लगमध्ये लावायचं. विकणाऱ्याला सांगायचं, एक दिवस-रात्र चालवून दाखव, आत पाण्याची भरलेली भांडी ठेवून. नाही म्हणाला तर परत फिरायचं. दारात कागद धरून दार लावायचं आणि कागद ओढायचा. सहज निघाला तर रबर गेलेलं. मागची पट्टी वाचून वहीत लिहायची. आणि जाण्याआधी प्रत्येक गावानं लिहून आणायचं की आपल्या गावात रोज किती दूध उरतं, किती कोंबड्या विकायला निघतात आणि डीपीवर दुपारी दाब किती असतो. ज्या गावाचं हे लिहून आलं नाही, त्या गावाची पेटी या खेपेला नाही.

आता कापसावर बोलणाऱ्यांना जागा देतो.