एकवचन आणि अनेकवचन : 'हे राम'मधील साकेत राम



अतिरेकी माणूस जन्मतःच निराळा असतो, असे मानणे आपल्याला सोयीचे जाते. ही सोय काढून घेणारी एक कलाकृती म्हणून मी कमल हासन यांच्या 'हे राम' (२०००) या चित्रपटाकडे पाहतो.

साकेत राम पुरातत्त्वज्ञ आहे. १९४६ मध्ये तो मोहेंजोदडोच्या उत्खननावर आहे, आणि अमजद हा त्याचा जिवलग मित्र आहे. ऑगस्टमधल्या कलकत्त्याच्या दंगलीत त्याच्या पत्नीवर अत्याचार करून तिला मारले जाते. मारेकऱ्यांत अल्ताफ हा ओळखीचा शिंपी असतो.

भाषेचा शिक्षक म्हणून पुढची घसरण मला तीन वाक्यांत दिसते. वाक्ये माझी आहेत, चित्रपटातली नव्हेत. पहिले : 'अल्ताफने मारले.' हे खरे आहे. कर्ता ठाऊक आहे. राम अल्ताफला ठार करतो, पण तिथे थांबत नाही. वाक्य होते : 'त्यांनी मारले.' मग श्रीराम अभ्यंकर भेटतो, बंदी असलेले एक पुस्तक देतो, आणि तिसरे वाक्य तयार होते : 'गांधींमुळे मारले गेले.' 'ने' जाऊन 'मुळे' आले, की खरा कर्ता पुसला जातो आणि हवा तो माणूस कारण म्हणून उभा करता येतो. थर तपासल्याशिवाय खापराचा काळ न सांगणारा हा माणूस स्वतःच्या दुःखाचा एकही थर न उकलता दुसऱ्याचा निष्कर्ष स्वीकारतो. दुःख खरे असते, म्हणूनच निष्कर्षही खरा वाटतो.

हा अभ्यंकर तंजावरचा मराठी आहे. अतुल कुलकर्णी यांना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आपल्यासारख्यांना तो परका वाटत नाही, आणि मला तेच अस्वस्थ करते. तो खलनायकासारखा येत नाही. खचलेल्या माणसाला आपलेसे करणारा म्हणून येतो.

शेवटी दिल्लीत जखमी अमजद पोलिसांना रामची ओळख देत नाही. तो फक्त आपल्या भावाला ओळखतो. अनेकवचन पुन्हा एकवचन होते. राम गांधींपुढे कबुली द्यायला जातो, पण ३० जानेवारी १९४८ ला दुसऱ्याची गोळी आधी पोचते.

विद्यार्थ्यांच्या निबंधात 'ते लोक' असे आले, की मी समासात लिहितो : 'ते म्हणजे कोण?' व्याकरणाची चूक म्हणून नव्हे. तेवढा एक प्रश्न रामला वेळेवर कुणी विचारला नाही, म्हणून.