जलसा कसा ऐकावा



१३ ऑक्टोबर १९३५ रोजी आपल्या कोपरगावाला लागून असलेल्या येवल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी धर्मांतराची घोषणा केली. १९३९च्या डिसेंबरात ते श्रीरामपूर भागातल्या हरेगावला महार वतनाच्या प्रश्नावरच्या परिषदेला आले. वस्तीत वर्तमानपत्र वाचणारा सापडणं मुश्कील, असा तो काळ. तरी त्यांचे विचार घरोघरी पोचले, आणि त्यात मोठा वाटा जलशांचा होता. भीमराव कर्डक आपला जलसा घेऊन गावोगाव फिरले. मेलेली जनावरं ओढू नका, पोरांना शाळेत घाला, हे तिथे गाण्यातून सांगितलं जाई.

या जलशाची चौकट तमाशाची, पण त्यात बाईचा नाच नाही. वगात राजाराणीऐवजी पाटील आणि सावकार येतात. सोंगाड्या त्या पाटलाची फजिती करतो. ज्याच्यासमोर दिवसा मान वर करायची सोय नव्हती, त्याला लोक रात्री पोट धरून हसतात.

पण खरं ऐकायचं ते झीलकऱ्यांना. शाहीर ओळ टाकतो आणि तिचं शेवटचं टोक झीलकरी वरच्या पट्टीत उचलतात. पहिल्या वेळी लोक नुसते ऐकतात. दुसऱ्या वेळी ओठ हलतात. तिसऱ्या वेळी समोर बसलेली म्हातारीही झील धरते. चाल ओळखीची असते, म्हणून नवे शब्द चटकन तोंडात बसतात. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे लोककवी वामनदादा कर्डक मोठेपणी अक्षरं शिकले, पण त्यांची गाणी शाळेचं तोंड न पाहिलेल्यांनाही पाठ आहेत.

लोकांच्याच खेळातून लोकांना जागं करण्याची ही रीत दूरवरही दिसते. तिकडे अमेरिकेत, कॅलिफोर्नियात १९६५ साली द्राक्षमळ्यांतल्या मजुरांनी संप केला. लुईस वाल्देझ या मेक्सिकन वंशाच्या नाटककाराने त्याच मजुरांना घेऊन ट्रकच्या उघड्या हौद्यावर नाटुकली केली. मालक कोण, संपफोड्या कोण, हे गळ्यातल्या पाटीवरून कळायचं. आपल्या वगाला ही मंडळी परकी वाटली नसती.

जलसा हा प्रचार आहे, कला नव्हे, असं काहीजण म्हणतात. मला ते मुळीच मान्य नाही. ढोलकी ढिली पडली किंवा झील बेसूर झाली, तर लोक उठून जातात. मग सांगायचं ते कुणाला?

येत्या १४ एप्रिलला, बाबासाहेबांच्या जयंतीला, तुमच्या गावात गायन पार्टी आली, तर भोंग्यापासून लांब आणि झीलकऱ्यांच्या जवळ बसा. आणि घरात कुणा वडीलधाऱ्यांना जुन्या जलशातली गाणी येत असतील, तर ती आजच मोबाईलवर ध्वनिमुद्रित करून ठेवा.