अक्षरांमागचे आकडे

(संस्थेच्या विद्यार्थी शिबिरातील भाषण)



संगणकाविषयी चार शब्द बोलावेत, अशी सूचना संस्थेने आम्हाला केली. संगणक चालवणे तुम्हाला आम्ही काय शिकवणार? म्हणून साधाच प्रश्न घेतला आहे. आपण पडद्यावर 'धम्म' लिहितो, तेव्हा यंत्राच्या पोटात काय साठते?

या प्रश्नामागे एक दुखणे आहे. संस्थेच्या जुन्या स्मरणिकेची फ्लॉपी आम्ही मोठ्या खटपटीने उघडली. १९५६ साली नागपूरला धम्मदीक्षा घेतलेल्या आपल्या ज्येष्ठांच्या आठवणी तिच्यात होत्या. त्यांतले बहुतेक आज हयात नाहीत आणि छापील प्रती वाळवीने खाल्ल्या. फाइल उघडली तर रोमन अक्षरे, मधूनमधून टक्क्यांची चिन्हे. मराठीचे एक अक्षर नाही. फाइल खराब झाली असे आम्ही समजलो. ती खराब नव्हतीच.

संगणकाला अक्षर कळत नाही. त्याच्याजवळ शून्य आणि एक एवढेच. असे आठ मिळून एक बाइट होतो आणि त्याच्या २५६ जुळण्या होतात. कोणता आकडा म्हणजे कोणते अक्षर, हा माणसांनी आपसांत केलेला करार असतो. अमेरिकेत १९६३ साली आस्की नावाचा करार झाला. त्यात १२८ जागा. मोठ्या रोमन 'ए'ला ६५ हा आकडा. देवनागरीला जागाच नव्हती. आपल्याकडे १९९१ साली इस्की हे भारतीय मानक आले, पण छपाईच्या कामात वेगळीच युक्ती रुळली. आकडा रोमन अक्षराचाच ठेवायचा आणि फॉन्टमध्ये त्या जागी मराठी अक्षराचे चित्र बसवायचे. कागदावर उत्तम मराठी उमटे. पण फॉन्टागणिक जुळणी निराळी. तो फॉन्ट हरवला की मजकूर मुका. आमच्या फाइलीचे हेच झाले होते.

१९९१ सालीच युनिकोडची पहिली आवृत्ती निघाली. जगातल्या प्रत्येक लिपीतील अक्षराला स्वतंत्र आकडा, हे तिचे सूत्र. 'क'चा आकडा २३२५. यूटीएफ-८ या पद्धतीत तो २२४, १६४, १४९ अशा तीन बाइटांत साठतो. 'धम्म' म्हणजे ध, म, पाय मोडण्याची खूण आणि पुन्हा म. चार आकडे, बारा बाइट. रोमन अक्षराला एकच बाइट पुरतो. एसएमएसचा हिशेब वेगळा, पण तिथेही रोमन लिपीत १६० अक्षरे मावतात आणि देवनागरीत ७०. एवढ्यासाठी मराठी सूचना रोमन लिपीत पाठवणे आम्हाला पटत नाही.

शिवाय ही जागा आटवता येते. देवनागरीच्या जवळजवळ प्रत्येक चिन्हाचा पहिला बाइट २२४ आणि दुसरा १६४ किंवा १६५ असतो. लेम्पेल आणि झिव यांनी १९७७ साली मांडलेल्या पद्धतीत, आधी येऊन गेलेला तुकडा पुन्हा लिहीत नाहीत. इतके मागे जा, इतके उचला, एवढी खूण ठेवतात. उलगडल्यावर एक काना-मात्राही हरवत नाही. जेपेग पद्धतीच्या फोटोत तसे नाही. तिथे बारीक तपशील कायमचा गाळला जातो. म्हणून पानाचा फोटो काढला की मजकूर जपला, असे समजू नका.

पुन्हा पुन्हा येणाऱ्या तुकड्यानेच एकदा आपल्यावर मोठे उपकार केले आहेत. सम्राट अशोकाचे शिलालेख शतकानुशतके उघड्यावर होते, पण ब्राह्मीचा करार लोक विसरले होते. सांचीच्या स्तूपावरील लहान लहान लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरे येतात, हे जेम्स प्रिन्सेपच्या ध्यानात आले. तो शब्द 'दानं' निघाला आणि १८३७ साली ब्राह्मी वाचता आली. २०१० पासून ब्राह्मीलाही युनिकोडमध्ये जागा आहे.

आपली किल्ली शोधायला इतका काळ लागला नाही. त्या फॉन्टची जुळणी मिळाली असून मजकूर युनिकोडमध्ये उतरवला आहे. पण जुन्या फाइलीत पहिली वेलांटी दिसते तशी अक्षराच्या आधी साठवलेली होती. युनिकोडमध्ये ती अक्षरानंतर येते. जोडाक्षरापाशी यंत्र हमखास चुकते. गावांची आणि माणसांची नावे तर डोळ्यांनीच तपासावी लागतील. विद्यार्थ्यांनी रविवारी वाचनालयात यावे, दोघांनी मिळून एक आठवण घ्यावी. एकाने मोठ्याने वाचावी, दुसऱ्याने दुरुस्त करावी. ज्यांच्या घरी त्या स्मरणिकेची प्रत असेल, त्यांनी ती सोबत आणावी. जय भीम.