बंद कलशातील आवाज



गतकाळातील आवाज तळघरात कुलूपबंद करून जपणारा एखादा गुप्त पंथ आहे, आणि त्याच्या सभासदांवाचून कोणालाही त्याचा पत्ता नाही, अशी क्षणभर कल्पना करा. गोष्ट काल्पनिक खरी. परंतु तिच्यातून एक प्रश्न निघतो. जपणे आणि लपविणे एकच काय? आज आम्ही एवढ्यावरच बोलणार आहोत.

अशा पंथाला शोभेल असा एक प्रकार पॅरिसमध्ये खरोखरच घडला. 24 डिसेंबर 1907 रोजी तेथील ऑपेरागृहाच्या तळघरात ग्रामोफोनच्या तबकड्या कलशांत हवाबंद करून ठेवण्यात आल्या. कारूसो, मेल्बा, पॅटी अशा गायकांचे आवाज त्यांत होते. अट अशी की, शंभर वर्षे कलश उघडू नयेत. 1912 साली आणखी दोन कलश ठेवले आणि सोबत एक ग्रामोफोनही. कारण शंभर वर्षांनी तबकडी वाजवायची कशी हे कोणाला ठाऊक असेल? योजना दूरदर्शी होती. पण 1989 साली पाहतात तो, कोणीतरी आत हात मारलेला आणि यंत्र नाहीसे झालेले! उरलेले कलश 2008 मध्ये उघडले, तेव्हा त्यांतील बरेचसे गाणे संग्राहकांच्या कपाटांत आधीपासूनच नांदत होते. पहारा तळघराने केला; गाणे मात्र बाजारात विकल्या गेलेल्या प्रतींनीही राखले.

पॅरिसला हसण्याचे आपल्याला कारण नाही. आपली घराणी म्हणजे असे पंथच होते. गंडा बांधल्यावाचून विद्या मिळत नसे, आणि खास चिजा तर पोटच्या मुलासाठी राखून ठेवलेल्या असत. याला केवळ कृपणपणा म्हणणे अन्यायाचे होईल. चीज हीच उस्तादांची इस्टेट होती, आणि वर्षानुवर्षांच्या तालमीने त्यांनी ती निर्मळ राखली. तरीही पंडित भातखंडे यांनी अशा चिजा मिळवून, स्वरलिपीत बांधून ‘क्रमिक पुस्तकमालिके’च्या सहा भागांत छापल्या नसत्या, तर कितीतरी उस्तादांबरोबरच मातीत गेल्या असत्या.

परंतु स्वरलिपीत आवाज येत नाही. जयपूर घराण्याचे अल्लादिया खाँसाहेब 1946 साली मुंबईत निवर्तले. हिंदुस्थानात ग्रामोफोनचे ध्वनिमुद्रण 1902 साली सुरू झाले. म्हणजे 44 वर्षे यंत्र आणि खाँसाहेब एकाच देशात होते. तरी त्यांच्या गाण्याची एकही तबकडी आपल्यापाशी नाही. कोल्हापूरच्या दरबारात ज्यांनी ते ऐकले, त्यांच्याबरोबर तो आवाजही गेला.

आता त्यांच्याच शिष्येची गोष्ट ऐका. गोव्यातील केरी गावच्या सूरश्री केसरबाई केरकर यांची साडेतीन मिनिटांची भैरवी 1977 साली व्हॉयेजर यानांवरील सोन्याचा मुलामा दिलेल्या तबकडीत घेतली गेली. अमेरिकेतील निवड करणाऱ्या मंडळींना ती मूळ तबकडी सहजी मिळेना. अखेर न्यूयॉर्कमधील एका भारतीय कुटुंबाच्या दुकानात, टेबलाखालच्या खोक्यात, तिच्या तीन प्रती सापडल्या! 5 सप्टेंबरला व्हॉयेजर-1 निघाले आणि 16 सप्टेंबरला केसरबाई गेल्या. 2012 मध्ये ते यान सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर पडले. गुरूचा आवाज कोल्हापुरातही ऐकू येत नाही, आणि शिष्येचा आवाज ताऱ्यांच्या वाटेवर आहे. दोहोंमधला फरक काय? विकण्यासाठी निघालेली एक तबकडी, आणि टेबलाखालचे एक खोके.

उपदेश करण्यापूर्वी आमचा अपराध सांगितला पाहिजे. आमच्या वडिलांच्या कीर्तनाचे एक टेप-रीळ आमच्याजवळ होते. शेजारच्या एका वृद्ध गृहस्थांनी त्याची प्रत मागितली. “खराब होईल, देत नाही,” असे आम्ही त्यांना सांगितले आणि रीळ ट्रंकेत घालून कुलूप लावले. बारा पावसाळ्यांनी ट्रंक उघडली, तेव्हा फितीवर बुरशी चढली होती आणि तिचा लेप बोटांना लागत होता. ते गृहस्थही तोवर राहिले नव्हते. त्या दिवशी त्यांना प्रत दिली असती, तर आज त्यांच्या मुलाकडे जाऊन वडिलांचा आवाज आम्हाला मागता आला असता.

म्हणून विनंती एवढीच, की आपापल्या माळ्यावर पाहा. एखादे रीळ, एखादी तबकडी, आजीच्या ओव्यांची एखादी कॅसेट असेल, तर ती जाणत्याकडून उतरवून घ्या आणि तिच्या प्रती निदान तीन घरी ठेवा. मागणाऱ्याला नाही म्हणू नका. मौल्यवान वस्तू कुलपात ठेवावी हे खरे. पण आवाज दिल्याने उणा होत नाही, आणि न दिल्याने मात्र एके दिवशी सगळाच जातो.