रात्रीची वीज आणि अपुरी झोप



जिथे अजून विजेला रात्रीची पाळी आहे, तिथे आपण बॅटरी घेऊन दारे धरायला जातो. सापाची भीती बोलून दाखवतो. जागरणाची कोणी बोलत नाही. "सवय झाली" म्हणतो.

२००३ साली अमेरिकेतला एक प्रयोग प्रसिद्ध झाला. धडधाकट माणसांना १४ दिवस रोज सहाच तास झोपू दिले. शेवटी त्यांचे लक्ष एक अख्खी रात्र डोळ्याला डोळा न लागलेल्या माणसासारखे ढळू लागले. आणि आपले एवढे बिघडले आहे, हे त्यांना स्वतःला उमगलेच नाही! आपली 'सवय' ती हीच.

१९९७ साली ऑस्ट्रेलियात मोजले, तर सलग १७ तास जागा माणूस थोडी दारू घेतलेल्याइतका चुकतो. पहाटे सहाला उठलेल्या आपल्याला रात्री अकरालाच १७ तास होतात. मोटार तर तेव्हा कुठे सुरू होते. पिऊन फ्यूजला हात लावू नको, असे पोराला बजावणारे आपण त्याच अवस्थेत पेटी उघडतो.

दिवसाच्या विजेची मागणी आहेच. तोवर आम्ही वस्तीवर जोडीने जातो. एक दारे धरतो, दुसरा झोपतो. पेटी उघडायची ती झोप झालेल्यानेच, हात कोरडे करून.